गृहकर्ज : हप्ता परवडतो, पण मुद्दल केव्हा फिटते?

जमाखर्च (धागाकर्ता)

गेल्या रविवारी भाचा घरी आला तो बँकेचे मंजुरीपत्र हातात घेऊनच. पुण्यात पासष्ट लाखांचा फ्लॅट, पन्नास लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याजदर, वीस वर्षांची मुदत आणि ४३,३९१ रुपयांचा मासिक हप्ता. त्याचा प्रश्न एकच होता : "मामा, हप्ता जमतोय. मग करू ना सही?" मी त्याला उलट विचारले की पाच वर्षे नियमाने हप्ते भरल्यावर कर्ज किती उरलेले असेल. वीसपैकी पाच वर्षे म्हणजे पाव कर्ज फिटले, असा सरळ हिशेब करून त्याने साडेसदतीस लाख सांगितले. खरे उत्तर ४४ लाख ६ हजार आहे. पाच वर्षांत तो २६ लाख रुपयांहून थोडे अधिक भरेल आणि त्यातले जेमतेम ५ लाख ९४ हजार मुद्दलात जमा होतील. बाकीचे २० लाख व्याजाचे. हे ऐकून त्याने चहाचा कप खाली ठेवला आणि मंजुरीपत्र पुन्हा पहिल्या पानापासून वाचायला घेतले.

यात बँकेची काही लबाडी नाही. व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागते आणि पहिल्या महिन्यात शिल्लक पूर्ण पन्नास लाख असते, त्यामुळे ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलाच्या वाट्याला ७,९७४ रुपये येतात. पुढच्या महिन्यात व्याज पन्नास-साठ रुपयांनी कमी होते, तेवढेच मुद्दल जास्त फिटते, आणि हा क्रम इतका संथ चालतो की हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला १४३वा हप्ता, म्हणजे बारावे वर्ष संपता संपताचा काळ उजाडतो. निम्मे कर्ज फिटते ते १६६व्या हप्त्याला, जवळपास चौदा वर्षांनी. दर वीस वर्षे अजिबात हलला नाही असे धरले, तर एकूण भरणा १ कोटी ४ लाख १४ हजारांचा होतो आणि त्यात व्याज ५४ लाख १४ हजार.

म्हणून माझे म्हणणे असे आहे की गृहकर्जाची खरी किंमत मुद्दल किती काळ आपल्या डोक्यावर राहते यावर ठरते; हप्त्याच्या आकड्यावरून ती कळत नाही, आणि नुसत्या दरावरूनही कळत नाही. दर अर्ध्या टक्क्याने कमी करून घेण्यासाठी आपण चार बँकांचे उंबरे झिजवतो, आणि त्यातून वरच्या उदाहरणात वीस वर्षांत पावणेचार लाखांच्या आसपास वाचतात. ते वाचवायलाच हवेत. पण हप्ता ४,९४५ रुपयांनी हलका होतो म्हणून तोच माणूस वीसची मुदत तीस वर्षे करून घेतो, तेव्हा व्याज ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर जाते, आणि ते त्याला कुणी मोठ्याने सांगत नाही. उलट मुदत पंधरा वर्षे ठेवली तर हप्ता ४९,२३७ रुपये होतो आणि व्याज ३८ लाख ६३ हजारांवर थांबते.

घर घेतानाच्या खर्चाचे थोडक्यात सांगतो, कारण तो एकदाच होतो आणि निदान डोळ्यांसमोर तरी असतो. पुणे महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क इतर अधिभारांसह सात टक्के धरले, तर पासष्ट लाखांवर ४ लाख ५५ हजार होतात; नोंदणी शुल्काचे ३० हजार वेगळे. खरेदी केवळ स्त्रीच्या नावे असेल तर मुद्रांकात एक टक्का सवलत मिळते, म्हणजे इथे ६५ हजार. बांधकाम चालू असलेल्या, परवडणाऱ्या घरांच्या व्याख्येत न बसणाऱ्या फ्लॅटवर पाच टक्के जीएसटी, म्हणजे ३ लाख २५ हजार. भोगवटा प्रमाणपत्र मिळाल्यानंतरच्या तयार फ्लॅटवर तो लागत नाही. मुद्रांक आणि नोंदणी कर्जाच्या हिशेबात धरली जात नाही, हे पुष्कळांना शेवटच्या आठवड्यात कळते आणि मग सोने गहाण पडते किंवा वैयक्तिक कर्ज काढले जाते. भाच्याने "माझे पंधरा लाख तयार आहेत" असे म्हटले, तेव्हा प्रत्यक्षात त्याला तेवीस लाख लागणार होते.

आपापले अनुभव आकड्यांसह लिहावेत अशी विनंती.

सातशेसत्तावन्नचा खातेदार

आपण दर स्थिर धरून हिशेब मांडला आहे. तो बदलला की काय होते, हे मी स्वतःच्या खात्यावर पाहिले आहे.

एप्रिल २०२१ मध्ये मी ३० लाखांचे कर्ज ६.७० टक्क्यांनी, वीस वर्षांसाठी घेतले. रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो, तेव्हा ४ टक्के होता आणि हप्ता २२,७२२ रुपये. रिझर्व्ह बँकेने ४ मे २०२२ रोजी अचानक दर वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो ६.५० टक्क्यांवर नेला. माझा दर दर तिमाहीला सरकत सरकत ९.२० टक्के झाला. प्रत्येक वेळी एक एसएमएस येत असे, ज्यात नवा दर असे आणि हप्ता पूर्वीचाच असे. त्यामुळे आपले काही बिघडलेले नाही या समजुतीत मी होतो.

एप्रिल २०२३ मध्ये आयकराच्या कामासाठी कर्जखात्याचा उतारा काढला. त्या महिन्याच्या ओळीत हप्ता २२,७२२, व्याज २२,१६५ आणि मुद्दल ५५७ रुपये असे लिहिलेले होते. दोन वर्षे हप्ते भरूनही शिल्लक २८ लाख ९१ हजार होती. त्याच दराने आणि त्याच हप्त्याने कर्ज फिटायला किती काळ लागेल हे गणित मांडले, तेव्हा उत्तर ४८६ महिने आले. माझे वय तेव्हा एकोणचाळीस होते; म्हणजे मी ऐंशीच्या घरात पोचेपर्यंत हप्ते चालू! शाखेत गेल्यावर अधिकाऱ्यांनी सहजपणे सांगितले की मुदत वाढवण्याची मुभा करारातच आहे. त्यांचे खरे होते, करारात तसे कलम होते, आणि ते मी वाचलेले नव्हते.

मूळ तारखेलाच कर्ज संपवायचे असेल तर हप्ता २७,३८६ रुपये करावा लागत होता. मी त्याच दिवशी तसा अर्ज दिला. माझे टोपणनाव तेव्हापासूनचे आहे, त्या ५५७ रुपयांवरून. त्यात दोनशे रुपये चुकून जास्त पडले, पण आता बदलता येत नाही.

पासबुकवाला

मी एका बँकेच्या कर्जविभागात काम करून निवृत्त झालो आहे, त्यामुळे वरील प्रतिसादाला दोन गोष्टी जोडतो.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने या प्रकारावर परिपत्रक काढले. दर वाढल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे करायचे, हा पर्याय कर्जदाराला द्यायला हवा, आणि कोणत्याही परिस्थितीत मुदत इतकी ताणू नये की हप्त्यातून त्या महिन्याचे व्याजसुद्धा वसूल होणार नाही, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. तिमाही विवरणात आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम आणि उरलेले हप्ते दाखवणे बंधनकारक केले आहे. तेव्हा एसएमएसवर भागवू नका. ते विवरण मागून घ्या आणि त्यातला उरलेल्या हप्त्यांचा आकडा आधी बघा.

दुसरी गोष्ट जुन्या कर्जदारांची. २०१० मध्ये बेस रेट आला, एप्रिल २०१६ पासून एमसीएलआर (हे दोन्ही बँकेने स्वतःच्या निधीच्या खर्चावरून ठरवलेले मूळ दर) आणि ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाह्य दराशी जोडली गेली. पण जुने कर्ज जुन्याच पद्धतीत राहते, जोपर्यंत कर्जदार स्वतः अर्ज करून आणि किरकोळ शुल्क भरून ते बदलून घेत नाही. २०२५ मध्ये रेपो दर ६.५० वरून डिसेंबरपर्यंत ५.२५ टक्क्यांवर आला. ज्यांचे कर्ज रेपोशी जोडलेले आहे त्यांना ही कपात तीन महिन्यांच्या आत लागू होते. एमसीएलआरवाल्यांना उशिरा आणि थोडी थोडी मिळते. गृहवित्त कंपनीकडून घेतलेले कर्ज तर त्या कंपनीच्या स्वतःच्या दराशी बांधलेले असते. माझ्या टेबलावर असे कर्जदार येत, ज्यांच्या शेजारच्या फ्लॅटवाल्याला त्याच शाखेतून पाऊण टक्का कमी दराने कर्ज मिळालेले असे. अर्ज कुणी केला आणि कुणी केला नाही, एवढाच फरक.

दर उतरला की बँक बहुधा हप्ता तोच ठेवून मुदत कमी करते. हप्ता कमी करून देतो असे कुणी म्हणाले तर मोह आवरावा.

निळा छत्रीवाला

धागाकर्त्याशी एका मुद्द्यावर मतभेद नोंदवतो. पन्नास लाखांचे एक कोटी चार लाख झाले, हे वाक्य ऐकायला भयंकर वाटते. परंतु आजचे रुपये आणि वीस वर्षांनंतरचे रुपये यांची सरळ बेरीज करणे हेच मुळात चुकीचे आहे. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षीचा ४३,३९१ रुपयांचा हप्ता आजच्या साधारण १६,३५० रुपयांइतका असेल. पगार वाढत जातो, हप्ता तिथेच थांबतो. माझ्या वडिलांनी १९९० च्या दशकात काढलेल्या कर्जाचा हप्ता सुरुवातीला त्यांच्या निम्म्या पगाराएवढा होता आणि शेवटी शेवटी तो आमच्या महिन्याच्या किराणा-दुधाच्या बिलात बसत असे. शिवाय घर नसते तर भाडे द्यावेच लागले असते. ते या हिशेबात कुठे आहे?

जमाखर्च

आपला आक्षेप रास्त आहे आणि मी तो मान्य करतो : साडेआठ टक्के दर आणि पाच टक्के महागाई असेल तर कर्जाचा खरा बोजा सव्वातीन टक्क्यांच्या आसपास पडतो. मात्र यासाठी पगार निदान महागाईइतका तरी वाढत राहिला पाहिजे. खासगी नोकरीत पंचेचाळिशीनंतर ते गृहीत धरण्याची माझी छाती होत नाही.

भाड्याचे बोलू. भाचा सध्या १९ हजार रुपये भाडे देतो आणि "भाड्याचे पैसे पाण्यात जातात" असे त्याच्या घरचे सगळे म्हणतात. पण पहिल्या महिन्यात व्याजाचे ३५,४१७ रुपये जातात, ते तरी कुठे परत येणार आहेत? व्याज हे बँकेच्या पैशांचे भाडे आहे. त्यात सोसायटीची देखभाल वर्गणी, मालमत्ता कर आणि दहा-बारा वर्षांनी येणारा रंगकामाचा, गळतीचा, लिफ्टचा खर्च मालकाला मिळवावा लागतो. भाडेही दर वर्षी वाढते आणि घराची किंमतही वाढू शकते, हे खरेच. म्हणून घर घेऊ नये असे मी म्हणत नाही. त्याच्या मुलीची शाळा जवळ पडेल आणि घरमालक अकरा महिन्यांनी दार वाजवणार नाही, याला मोल आहे. फक्त त्या मोलासाठी आपण किती देतो आहोत ते आधी कळावे.

आयकराची सवलत हा शब्दही या संदर्भात जपून वापरावा. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करप्रणालीतच मिळते. तीस टक्क्यांच्या टप्प्यात असलेल्या माणसाचे त्यातून उपकरासह ६२,४०० रुपये वाचतात, पण वरच्या कर्जात पहिल्या वर्षीचे व्याजच ४ लाख २१ हजार आहे. म्हणजे निम्म्याहून अधिक व्याजावर काहीच मिळत नाही. नवी करप्रणाली निवडली, आणि आज तीच मूळ धरली जाते, तर राहत्या घराच्या व्याजाची वजावट शून्य. "कर वाचतो म्हणून कर्ज ठेवावे" हा सल्ला देणाऱ्याला आधी कोणती प्रणाली ते विचारावे.

ताबा कधी

बांधकाम चालू असलेल्या घराचा आणखी एक खर्च राहून गेला. आम्ही घेतलेल्या फ्लॅटचे कर्ज बांधकामाच्या टप्प्यांप्रमाणे वितरित होत होते आणि ताबा मिळेपर्यंत आम्ही प्री-ईएमआय, म्हणजे वितरित रकमेवरचे केवळ व्याज भरत होतो. सरासरी पंचवीस लाख वितरित झालेले धरले तर साडेआठ टक्क्यांनी महिन्याला १७,७०८ रुपये. दोन वर्षांत सव्वाचार लाख गेले, मुद्दल एक रुपयाने हलले नाही, आणि बरोबरीने राहत्या घराचे भाडे चालूच होते. त्यात ताबा चौदा महिने लांबला. बिल्डरच्या कार्यालयात दर वेळी "दिवाळीला नक्की" हेच उत्तर मिळे. कोणत्या दिवाळीला, ते आम्ही तिसऱ्या वेळी विचारले.

रेरा, म्हणजे स्थावर मालमत्ता नियमनाच्या कायद्याच्या कलम १८ प्रमाणे प्रकल्पात राहून विलंबाचे व्याज मागता येते आणि महाराष्ट्राच्या नियमांत त्याचा दर स्टेट बँकेच्या सर्वोच्च एमसीएलआरपेक्षा दोन टक्के अधिक असा आहे. तक्रार करण्याआधी करारनाम्यातली ताब्याची तारीख पाहा, तोंडी सांगितलेली धरू नका. शक्य असेल तर प्री-ईएमआयऐवजी पूर्ण हप्ता सुरू करण्याविषयीही बँकेला विचारा. आम्हाला हा पर्याय आहे हेच ठाऊक नव्हते.

शिवणयंत्र

कर्जाच्या कागदपत्रांवर सह्या करताना माझ्यापुढे विम्याचा अर्जही सरकवण्यात आला. एकरकमी हप्ता दीड लाख रुपये. "तुम्हाला आत्ता काही भरायचे नाही, कर्जातच मिळवून टाकू," असे गोड बोलून सांगितले. मी नवऱ्याला खुणेने थांबवले आणि फोनवर आकडेमोड केली : ते दीड लाख साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षे फेडायचे म्हणजे ३ लाख १२ हजार होतात. असा विमा कायद्याने सक्तीचा नाही. घरातल्या कमावत्या माणसाचा जीव विमाकृत असावा हे मला पटते, म्हणून आम्ही स्वतंत्र मुदत विमा घेतला, ज्याचे संरक्षण कर्ज घटते म्हणून घटत नाही आणि कर्ज दुसऱ्या बँकेकडे नेले तरी चालू राहते. शाखेतल्या बाईंचा चेहरा मात्र उतरला. त्यांनाही लक्ष्य दिलेले असणार.

आता बँकेला वार्षिक खर्चाचा एकत्रित दर दाखवणारे मुख्य तथ्य विवरण द्यावे लागते. प्रक्रिया शुल्क, विमा वगैरे धरून साडेआठचे किती होतात ते त्यात दिसते. सहीच्या आदल्या दिवशीच ते मागून घ्यावे.

सातासमुद्रापार

अमेरिकेत आम्ही तीस वर्षांच्या स्थिर दराचे कर्ज घेतले आहे. इथे तो सर्वसामान्य प्रकार आहे, त्यामुळे दरवाढीचा धोका कर्जदारावर येत नाही. जानेवारी २०२१ मध्ये सरासरी दर २.६५ टक्क्यांपर्यंत उतरला होता आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये तो ७.७९ टक्क्यांवर गेला, तरी आमचा हप्ता तोच राहिला. गंमत अशी की आता घर लहान पडते, पण ते सोडून नव्या दराने दुसरे घ्यायला कोणी धजावत नाही. मालमत्ता कर आणि घराचा विमा मात्र दर वर्षी वाढतो, म्हणजे "स्थिर" हप्ताही तसा स्थिर नाहीच.

सातशेसत्तावन्नचा खातेदार

मुदतपूर्व परतफेडीबद्दल कुणी आकडे देईल का? बोनस आला की मुद्दलात भरावा की गुंतवावा, यावर आमच्या घरी दर दिवाळीला वाद होतो.

जमाखर्च

भाच्यासाठी दोन तक्ते केले होते, त्यातले सांगतो. वर्षाच्या शेवटी एक जादा हप्ता, म्हणजे ४३,३९१ रुपये, मुद्दलात भरत गेले तर पन्नास लाखांचे कर्ज वीसऐवजी १६ वर्षे ९ महिन्यांत संपते आणि व्याजाचे सव्वादहा लाख वाचतात. दर वर्षी हप्ताच पाच टक्क्यांनी वाढवत नेला तर ते १२ वर्षे ३ महिन्यांत संपते आणि एकूण व्याज साडेचौतीस लाखांच्या आसपास राहते. दुसरा मार्ग देखणा आहे, पण शेवटी हप्ता ७८ हजारांना भिडतो, हे विसरू नये. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड घेता येत नाही. बँकांसाठी हा नियम २०१२ पासून आहे. रक्कम भरताना "हप्ता तोच, मुदत कमी" असे लेखी द्यावे.

गुंतवावे की भरावे, तर माझे मत असे : सहा महिन्यांचा घरखर्च आणि हप्ते बाजूला ठेवल्याशिवाय एक रुपयाही आगाऊ भरू नये, कारण बँकेत भरलेला पैसा अडचणीच्या दिवशी मागून परत मिळत नाही. त्यानंतर पहिल्या सात-आठ वर्षांत मात्र भरावे. त्या काळात मुद्दलात गेलेला रुपया सर्वाधिक वर्षांचे व्याज थांबवतो. अठराव्या वर्षी भरलेल्या रुपयाने समाधानापलीकडे फारसे काही हाती लागत नाही. शेअर बाजारात साडेआठहून अधिक मिळेलही, पण कर्ज फेडून वाचलेले व्याज निश्चित असते आणि त्यावर कर नसतो.

भाच्याने शेवटी काय केले तेही लिहितो. झाकलेल्या पार्किंगची दुसरी जागा आणि स्वयंपाकघराची महागडी सजावट त्याने रद्द केली, सासऱ्यांकडून बिनव्याजी घ्यायचे ठरलेले पैसे नको म्हणून सांगितले, आणि मुदत वीस वर्षेच ठेवून दर दिवाळीला एक जादा हप्ता भरण्याचे ठरवले. पंधरा वर्षांची मुदत घेण्याचा आग्रह मी केला होता. तो म्हणाला, "मामा, नोकरीचा भरवसा नाही. सक्तीचा हप्ता लहान असू दे, मनाचा मोठा ठेवतो." यावर मला उत्तर सुचले नाही.

पासबुकवाला

भाच्याचे बरोबर आहे. त्याला आणखी एक सांगा : मूळ कागद बँकेकडे देताना त्यांची यादी करून त्यावर शाखेचा शिक्का घ्यावा आणि ती प्रत घरी जपून ठेवावी. कर्ज पूर्ण फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागद परत करणे आणि नोंदवलेला बोजा उतरवणे आता बंधनकारक आहे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते. पण कोणते कागद दिले होते हेच वीस वर्षांनी कुणाला आठवत नाही, शाखा तोवर तीनदा जागा बदलते, आणि कर्जदार इंडेक्स टूची (नोंदणी कार्यालयातून मिळणाऱ्या खरेदीच्या उताऱ्याची) मूळ प्रत दिली होती की झेरॉक्स, यावर काउंटरपाशी उभा राहून डोके खाजवत असतो.